बादलीच्या पोटातले वाटाणे

या मंडळी, असे जवळ येऊन बसा. भिंतीला टेकलेल्यांनीही जरा पुढं सरका, कारण आजची गोष्ट मोठ्या आवाजात सांगवत नाही. नानांच्या घरात आपण इतके दिवस वावरतोय, त्यांच्या मुलांची भांडणं ऐकलीत, नानी गेल्या त्या दिवशी रडलातही. पण नाना ज्या जहाजावरून या बंदरात उतरले, त्या जहाजाची हकीकत मी हातची राखून ठेवली होती. आज ती सांगतो. देवाचं नाव घ्या आणि ऐका.

त्या जहाजाला सगळे बादली म्हणत. अंगावर रंगवलेलं नाव दुसरंच होतं, कुणा बड्या माणसाचं, पण ते कुणाच्या तोंडी बसलं नाही. युद्ध चाललेलं. जितकी जहाजं बुडत त्याहून लवकर नवी पाण्यात उतरवायची, अशी वरून घाई. नदीकाठच्या एका माळावर, जिथं आधी विटा भाजत, तिथं हां हां म्हणता कारखाना उभा राहिला. ज्यांनी उभ्या जन्मात होडीतही पाय ठेवला नव्हता, अशा बायाबापड्यांच्या हाती वेल्डिंगच्या काड्या दिल्या गेल्या. कालपर्यंत कपडे शिवणाऱ्या बायका पत्र्याला पत्रा शिवू लागल्या. त्यांना दोष देऊ नका हो, त्यांनी टाके मनापासून घातले. पण आकार कसा, तर पुढून बोथट, मागून बोथट, मधे नुसतं पोट. पाण्यात उतरली तेव्हा कुणीतरी म्हणालं, "कडी तेवढी लावायची राहिली." झालं, नाव पडलं.

पहिल्या फेरीत बादलीनं बूट नेले. नुसते डावे. उजवे बूट दुसऱ्या जहाजात भरले होते आणि ते जहाज वाटेत गेलं तळाला. एक अख्खी पलटण डाव्या बुटांकडे बघत बसली. मग तिनं खेचरं नेली. खेचरांनी दोरखंड खाल्ले. येताना जखमी आणले, डेकवर रांगेनं निजवून. एकदा कडाक्याच्या थंडीत डेकचा पत्रा असा फाटला की तोफ डागल्यासारखा आवाज झाला आणि आचारी भांड्यांसकट टेबलाखाली शिरला. फाटलेल्या जागी पट्टी मारली आणि बादली पुढं चालू लागली.

हे सगळं नाना जेवताना मुलांना रंगवून सांगत. मुलं हसून हसून ठसका लागेपर्यंत हसत. शेवटची फेरी मात्र त्यांनी कधी सांगितली नाही. मुलांना ती कळली, पण बाहेरून, बंदरावरच्या लोकांकडून.

शेवटच्या फेरीत बादलीच्या पोटात वाळलेले वाटाणे होते. पोत्यांत नाही, सुटे, खणांत ओतलेले. ज्या गावासाठी ते होते तिथं वेढा पडला होता आणि लोक झाडाची साल उकळून पीत होते. ते गाव म्हणजे हेच आपलं बंदर. आणि त्या उपाशी गावात, पाळण्यातली पोर घेऊन, नानांची सख्खी धाकटी बहीण राहत होती. तिचा नवरा त्याच जहाजावर इंजिनियर. नाना त्याच जहाजावर मेट, म्हणजे सगळ्या मालाचा जबाबदार माणूस आणि कॅप्टननंतर हुकूम त्याचा. मेहुणे-मेहुणे एका जहाजावर, एक वर, एक खाली यंत्रांपाशी.

बंदर दिसायला लागलं आणि विमान आलं. बॉम्ब जहाजावर पडला नाही, शेजारी पाण्यात पडला. पण कॅप्टन जागीच गेला आणि एका खणाचे सांधे उसवले. पाणी किती, तर थोडंसंच. एरवी पंपानं तासाभरात उपसून टाकलं असतं. पण तुमच्या आमच्या घरातल्या कुठल्याही बाईला विचारा, वाळलेल्या वाटाण्यांवर पाणी ओतलं की काय होतं. ते फुगतात. भांडं काठोकाठ भरलेलं असलं तर झाकण उचलून बाहेर येतात. इथं भांडं होतं लोखंडाचं, आणि झाकण घट्ट लावलेलं.

इंजिनियर खालून वर आला आणि म्हणाला, खण उघडा, वाटाणे समुद्रात टाका, हे पंपात अडकतायत आणि भिंती दाबतायत. नाना नाही म्हणाले. तो पुन्हा आला. नाना पुन्हा नाही म्हणाले. बंदर समोर दिसतंय, आत जायची वाट दाखवणारा बंदराचा पायलट आला की भरतीबरोबर आत जाऊ, थोडी कळ काढ. पायलटला उशीर झाला. खणाची भिंत फुटली ती यंत्रांच्या बाजूला. वरची माणसं बहुतेक वाचली. इंजिनियर वर आला नाही.

आता या गोष्टीला इतकी वर्षं लोटली की नानांचं सगळं डोकं पांढरं झालं, आणि मग त्या डोक्यातलं एकेक विझत गेलं. नातवंडांची नावं गेली, रस्ते गेले, नानी गेल्याचंही गेलं. उरलं ते नको तेवढंच.

त्यातच बंदराची वाट खोल करायचं निघालं. बादलीचा सांगाडा वाटेच्या कडेला वाळूत रुतून बसला होता, तो फोडायचा ठरला. रोज दुपारी ओहोटीला पाणबुडे खाली सुरुंग लावत आणि गावातल्या काचा थरथरत. पहिल्या दिवशी काचा थरथरल्या आणि नाना खुर्चीतून उठले ते थेट बादलीच्या डेकवर उभे राहिले.

तिथून आजचं प्रकरण सुरू होतं.

*

"तू तिला बोलावलंस? मला न विचारता?" थोरल्यानं कप बशीत आपटला.

थोरला म्हणजे नानांचा मुलगा, बंदराचा पायलट. बाहेरून आलेलं जहाज वाळूच्या दांड्यावरून सांभाळून आत आणायचं, हे त्याचं काम. आणि आजवर त्याला कधी उशीर झालेला नाही. का झाला नाही, ते तुम्हाला कळलं असेलच.

"विचारलं असतं तर काय म्हणाला असतास, भाऊ?" धाकटीनं विचारलं. ती नानांची लेक, दूरच्या शहरात शिक्षिका, सुट्टी काढून आलेली.

"नाही म्हणालो असतो."

"म्हणूनच नाही विचारलं."

वहिनीनं, म्हणजे थोरल्याच्या बायकोनं, भांडी पुसायच्या निमित्तानं तोंड फिरवलं. तिला हसू आलं होतं.

"आई गेली तेव्हा आत्या आली नाही," थोरला म्हणाला. "युद्ध संपल्यावर नाना आईला नि मला घेऊन तिच्यासाठी या गावात परत आले, इथंच घर केलं, आणि ती महिन्याभरात गाव सोडून गेली. जणू काही महामारी आली. आणि आता काय बघायला येतेय? माणसाची शुद्ध गेलेली बघायला?"

"नाना तुला रोज काय विचारतात?"

"तुला माहीत आहे."

"तूच सांग."

थोरल्यानं खिडकीबाहेर बघितलं. "विचारतात, टाकू का? वाटाणे टाकू का?"

"आणि तू काय सांगतोस?"

"जे खरं तेच सांगतो. टाकू नका नाना, तुम्ही बरोबर केलंत. उपाशी गावाचं अन्न समुद्रात फेकायचं नसतं."

"मग काय होतं?"

काय होतं ते वहिनीनं सांगितलं. "मग ते ताठ उभे राहतात. छान वाटतं त्यांना थोडा वेळ. मग पाण्याचा आवाज यायला लागतो त्यांच्या कानात. मग जिन्याशी जाऊन खाली वाकतात आणि हाका मारतात, वर ये, वर ये रे. घसा बसेपर्यंत. नाना पडतील म्हणून मी कमरेला मिठी मारून बसते जिन्यात. अहो, तोवर तुम्ही समुद्रावर गेलेले असता."

"आणि ही काल 'टाका' म्हणाली, तेव्हा काय झालं?" थोरल्यानं बहिणीकडे बोट केलं.

"माझ्यावर खेकसले," धाकटी म्हणाली. "तू कोण सांगणारी? तिकडे माझी बहीण उपाशी आहे, तिच्या पोरीला दूध उतरत नाही. ती येऊन म्हणाली तर टाकेन." ती भावाकडे वळली. "भाऊ, मी नाही रे ठरवलं आत्याला बोलवायचं. नानांनीच ठरवलं."

मग वहिनी म्हणाली, "येऊ देत आत्या."

"तूसुद्धा?"

"मीसुद्धा. आणि माझं काय हो, मी तर आचारी आहे. काल मला म्हणाले, आचारी, तुझ्या हाताला चव नाही, पण या लढाईत तक्रार करायची कुणाकडे!"

तिघंही हसले. हसताना थोरल्याचे डोळे भरून आले आणि तो कप विसळायला उठला, जे त्यानं लग्नानंतर कधी केलं नव्हतं.

त्याला आत्याचा राग होता, त्याला कारण होतं. मिसरूड फुटायच्या वयात नानांनी त्याला एकट्याला आत्याच्या गावी पाठवलं होतं. फक्त एक गोष्ट विचारून ये, म्हणाले होते. जहाज बुडाल्यावर वाटाणे किनाऱ्याला लागले, गावानं ते गोळा केले, हे सगळ्यांना माहीत होतं. नानांना एवढंच हवं होतं, तिला मिळाले का? तिनं खाल्ले का? थोरल्यानं दारात उभं राहून तसंच विचारलं. आत्यानं त्याच्याकडे बघितलं, आणि दार लावून घेतलं. परत येऊन नानांना काय सांगायचं, या विचारानं पोर सबंध प्रवासात जेवला नव्हता. "ती घरी नव्हती," असं त्यानं सांगितलं. नानांना ते खोटं आहे हे कळलं, आणि त्याला कळलं की त्यांना कळलंय.

*

आत्या भाड्याच्या गाडीतून उतरली. हातात एक पिशवी. उंची कमी झालेली, पाठ वाकलेली, पण नाक तेच, नानांचं.

"या," थोरला पुढं झाला. "तुम्हाला प्रवासाचा त्रास..."

"तुम्हाला?" आत्या थबकली. "हे बघ, तुझं शेंबडं नाक मी या हातानं पुसलंय. मला तुम्ही म्हणणार असशील तर ही गाडी अजून वळली नाहीये."

"मग तू म्हणतो. तू इतके दिवस कुठं होतीस?"

"हां. आता घरच्यासारखा बोललास." तिनं पिशवी त्याच्या हातात दिली.

नाना आतल्या खोलीत खुर्चीत डुलक्या घेत होते. आत्या दारात उभी राहिली. मंडळी, माणूस रागात असला की ज्याच्यावर राग आहे तो त्याच्या मनात तरुणच राहतो. आत्या ज्या भावावर रागावली होती तो खांद्यानं दार अडवणारा, काळ्याभोर मिशांचा गडी होता. इथं बसला होता एक हाडांचा सापळा, आणि त्याच्या सदऱ्याची बटणं कुणीतरी दुसऱ्यानं लावली होती. कुणावर रागवायचं?

नानांनी डोळे उघडले. तिच्याकडे नीट बघितलं.

"बाई," ते अदबीनं म्हणाले, "प्रवासी घेत नाही आम्ही. मालाचं जहाज आहे."

"बरं," आत्या म्हणाली.

*

स्वयंपाकघरात वहिनीनं तिला बसायला दिलं. धाकटी समोर बसली. थोरला आत येत नव्हता आणि जातही नव्हता. चौकटीला खांदा लावून उभा होता.

"डॉक्टर म्हणाले, त्यांच्या मनासारखं बोलत जा," वहिनी म्हणाली. "पण मनासारखं म्हणजे काय, तेच कुणाला सापडत नाही."

"तू 'टाक' म्हणालीस की ते टाकतील," धाकटी म्हणाली. "एवढंच हवंय, आत्या. एक शब्द. खोटं नाटक आहे असं समज."

आत्यानं पाण्याचा पेला हातात फिरवला. "सोपं वाटतं ना तुला."

"तुला अवघड का?" थोरला चौकटीतून म्हणाला. "इतकी वर्षं तुझं तेच तर म्हणणं आहे, नानांनी वाटाणे टाकायला हवे होते. आतोबा जगले असते. आता तेच तोंडानं म्हण."

"असं कोण म्हणालं?"

"मग राग कशाचा होता तुझा?"

"भाऊ!" धाकटी म्हणाली.

"विचारू दे त्याला. एकदा आला होता पोर दारात, तेव्हा मी दार लावलं. आज त्याचं दार आहे." आत्यानं पेला खाली ठेवला. ती बोलू लागली ती टेबलाकडे बघून, जसं कुणी निवडायला घेतलेलं धान्य निवडावं तसं, एकेक.

"तुझे आतोबा चेष्टेखोर फार. बादलीवरून वाचलेला एक खलाशी नंतर मला भेटून गेला. त्यानं सांगितलं. हे खालून वर आले, अंगभर तेल, आणि दादाला म्हणाले, मेहुणे, तुमच्या बहिणीला मी हवा की वाटाणे हवेत, एकदा विचारून घ्या. असं हसत म्हणाले. आणि दादा म्हणाला, ती उपाशी आहे, तिला वाटाणे हवेत. तोही हसला. दोघं हसले, आणि हे परत खाली गेले."

वहिनीच्या हातातलं फडकं थांबलं.

"तुम्हाला वाटतं, दादा चुकीचं बोलला म्हणून मी रागावले. अगं, तो बरोबर बोलला. त्या दिवशी माझ्या दारात येऊन कुणी विचारलं असतं, नवरा की वाटाणे, तर मी पोरीकडे बघून वाटाणे म्हणाले असते. मला विचारायचीही गरज नव्हती. माझा भाऊ मला तेवढं ओळखत होता." तिनं पेला दूर सरकवला. "एवढं ओळखणारं माणूस पुन्हा डोळ्यांसमोर नको वाटतं, पोरी."

"आणि ते किनाऱ्यावरचे?" थोरल्यानं विचारलं. आवाज खाली आला होता. तो आता आत आला होता. "तेच विचारायला आलो होतो मी."

"खाल्ले ना. सकाळी ओरडा झाला, समुद्रानं अन्न आणलंय. सगळं गाव धावलं. मीही पोरीला कडेवर घेऊन धावले. हिरवेगार, टपोरे फुगलेले, लाटेबरोबर येत होते. ओंजळीनं भरले. चूल पेटवून शिजवले, पोरीला बोटानं भरवले, आणि मी उभ्या उभ्याच खाल्ले. अशी गोड चव मी आधी कधी घेतली नाही आणि नंतरही नाही. मी देवाचे आभार मानले. हात जोडून, मोठ्यानं. आणि माझी भांडी घासून होईतो शेजारीण आली सांगायला, की ते कुठल्या जहाजातले होते."

चुलीवर दूध वर येत होतं, ते वहिनीनं न बघताच उतरवलं.

"म्हणून त्याला उत्तर पाठवलं नाही," आत्या म्हणाली. "हो, खाल्ले, असं सांगितलं असतं तर त्याला बरं वाटलं असतं. मला ते द्यायचं नव्हतं. एवढं एकच माझ्यापाशी होतं, जे त्याला हवं होतं. मी ते मुठीत धरून बसले."

थोरला खाली बसला, तिच्या शेजारी. मग त्यानं पेल्यात पाणी ओतलं आणि तिच्यापुढं सरकवलं.

"आत्या, तू खा काहीतरी आधी," तो म्हणाला. आणि हे आपण कुठल्या बाईला म्हणतोय ते कळून त्यानं जीभ चावली. पण आत्या कधी नव्हे ती हसली. "बापासारखाच आहेस. दुसरं काही सुचतच नाही तुम्हा लोकांना."

*

ओहोटी पूर्ण झाली. खाली समुद्रात पाणबुड्यांनी वात लावली असेल. गडगडाट आधी जमिनीतून पायांना लागला, मग काचांना. कपाटातले पेले किणकिणले.

नाना उठले.

धाकटीनं आत्याचा हात धरला आणि तिला पुढं नेलं. नाना जिन्याच्या कठड्यापाशी उभे होते, जिन्यातून खाली बघत. त्यांना तिथं पायऱ्या दिसत नव्हत्या.

"पायलट कुठाय?" त्यांनी विचारलं.

"मी आहे," थोरला म्हणाला.

"आत्ता आलास? केव्हाचा झेंडा चढवून बसलोय तुझ्यासाठी!"

"चुकलं माझं," थोरला म्हणाला. मंडळी, तो कधी उशिरा न पोचलेला माणूस, त्या दुसऱ्याच कुणा पायलटची चूक अंगावर घेऊन मान खाली घालून उभा राहिला. देवानं ते नक्की कुठंतरी जमा धरलं असेल.

नाना कठडा दोन्ही हातांनी धरून म्हणाले, "भिंत वाकतेय. तो खालून सांगतोय, टाका म्हणून. टाकू का? सांगा कुणीतरी. टाकू का?"

धाकटीनं आत्याकडे बघितलं. 'टाक' एवढंच म्हणायचं ठरलं होतं. आत्याचे ओठ हलले. शब्द आला नाही. ती आणखी पुढं झाली, इतकी की नानांना तिच्याकडे बघावंच लागलं, आणि तिनं त्यांच्या सुरकुतलेल्या मनगटावर हात ठेवला.

"दादा," ती म्हणाली, "मी जेवले."

नाना बघत राहिले.

"पोरगीपण जेवली. पोट भरलं आमचं. तुझे वाटाणे पोचले, दादा. आता बाकीचे टाकून दे."

"पोचले?"

"पोचले."

"पोरीला भरवलेस?"

"बोटानं भरवले. मऊ शिजवून."

नानांच्या कपाळावरच्या आठ्या हळूहळू सुटल्या. ते तिच्या चेहऱ्यावर काहीतरी शोधत होते. आणि मग ते जे बोलले, त्याचा अर्थ त्या घरात आजही कुणाला नक्की लावता येत नाही. कारण ज्या दिवसात ते उभे होते त्या दिवशी जहाज अजून बुडालेलं नव्हतं, वाटाणे अजून समुद्रात गेलेले नव्हते.

ते म्हणाले, "खारट लागले असतील गं."

आत्याचा हात त्यांच्या मनगटावर तसाच राहिला.

"नाही रे दादा," ती म्हणाली. "गोड होते."

"मग हरकत नाही." नानांनी मान हलवली आणि ताठ झाले. जुना, सगळ्या जहाजभर पोचणारा हुकमाचा आवाज म्हाताऱ्या गळ्यातून फाटका-तुटका बाहेर आला. "झाकणं उघडा रे! फावडी घ्या! सगळा खण मोकळा करा! आणि खाली सांगा त्याला, पुरे झालं म्हणावं. वर ये. खाली कुणी थांबायचं नाही!"

"सांगतो," थोरला म्हणाला, आणि खरोखर चार पायऱ्या उतरून खाली उभा राहिला. वहिनीच्या हातात काही नसल्यानं ती नुसतीच हात हलवत होती, फावडं धरल्यासारखी. धाकटी भिंतीकडे तोंड करून रडत होती.

नाना ऐकत राहिले. पाण्याचा आवाज आला नसावा. ते वळले, खुर्चीत बसले, आणि झोपले.

*

इथं थांबता आलं असतं तर किती बरं झालं असतं. पण हे कीर्तनाच्या शेवटी सगळं गोड व्हावं तसं झालं नाही, आणि मी तुम्हाला खोटं सांगणार नाही.

उन्हं कलली तेव्हा नाना जागे झाले. आत्या उशाशी बसली होती. तिनं सबंध दुपार मनाशी जुळवाजुळव केली होती. त्याला काय सांगायचं, माझं चुकलं म्हणायचं, नानींबद्दल विचारायचं, लहानपणी दोघं कुठल्या झाडावर चढायचे ते काढायचं. पुष्कळ साठलं होतं.

नानांनी डोळे उघडले आणि वहिनीला हाक मारली. "आचारी, या बाई कोण? यांना काही खायला दिलंस का?"

आत्या तोंडावर हात धरून बाहेर आली. ओसरीत थोरला उभा होता.

"तो शुद्धीत होता तेव्हा," ती म्हणाली, "नुसतं 'हो' म्हणायचं होतं मला. तू दारात उभा होतास. एका शब्दाचं काम होतं. आज मी सगळी गोष्ट सांगितली आणि ऐकायला तो घरात नाही."

"थोडे होते," थोरला म्हणाला. "खारट म्हणाले ना."

"तुला तसं वाटतं?"

"मला तसं धरून चालायचंय, आत्या."

"मग मीही धरते," ती म्हणाली. पण तिच्या आवाजात ते धरलेलं जाणवलं नाही.

दुसऱ्या दिवशी ओहोटीला काचा थरथरल्या, आणि नाना उठून कठड्याशी गेले. टाकू का? आत्या त्यांच्याजवळ गेली आणि म्हणाली, दादा, मी जेवले. त्याच्या पुढच्या दिवशीही. ते 'खारट' पुन्हा कधी आलं नाही. ती वाट बघायची, प्रत्येक दुपारी, की येईल. बादलीचा शेवटचा पत्रा वर येईपर्यंत ती त्या घरात राहिली, रोज तेच उत्तर देत. सुरुंग बंद झाले, नानांचा प्रश्नही बंद झाला, आणि त्याबरोबर तिला उत्तर द्यायची सोयही गेली. मग ती खुर्चीच्या बाजूला नुसती बसून असे, त्यांच्या सदऱ्याची बटणं लावून देई. नाना गेले तेव्हा ती जवळ होती. त्यांनी तिला ओळखलं की नाही, ते एका परमेश्वराला माहीत.

तर मंडळी, आता उठाल तुम्ही. घरी जाल, जेवायला बसाल. नानांसाठी तुमचं मन हळहळेल, आणि आत्यासाठी तर त्याहून जास्त, आणि ते बरोबरच आहे, दोघांनीही फार सोसलं. पण माझं एक मागणं आहे. या गोष्टीत एक माणूस असा आहे की ज्याच्या नशिबी ना पश्चात्ताप आला, ना म्हातारपण. त्याला कुणी काही विचारलंच नाही. तो गुडघाभर पाण्यात उभा राहून पंपाच्या तोंडातले फुगलेले वाटाणे मुठीमुठीनं ओरबाडत होता. वरून हाक आली, वर ये. वाचलेल्या खलाशानं सांगितलंय, त्यानं ती ऐकली, आणि ओरडून म्हणाला, "आलो, एवढी एक मूठ काढू दे." तेवढं काढता काढता तो राहिला. त्या इंजिनियरची, तेलानं माखलेल्या त्या चेष्टेखोर गड्याची, आठवण ठेवा. विसरू नका हो त्याला.